काजव्यांचं घड्याळ आणि पापण्यांची उघडझाप

पीएचडीच्या मुलाखतीत एक प्रश्न हमखास येतो : "यामागची यंत्रणा काय?" प्रश्न रास्त आहे. पण यंत्रणा सांगता येत नसेल, तर मूळ निरीक्षणच खोटं ठरवायचं का? या प्रश्नापायी जीवशास्त्रातला एक विषय कित्येक वर्षं रखडला होता. आज त्याचीच गोष्ट सांगतो.

मे-जूनमध्ये भंडारदरा किंवा पुरुषवाडीला काजवे बघायला तुमच्यापैकी काही जण गेले असतील. आपली गोष्ट मात्र थायलंडमध्ये, म्हणजे त्या वेळच्या सयाममध्ये सुरू होते. तिथे नदी-खाडीकाठच्या झाडांवर काजव्यांचे थवेच्या थवे बसतात आणि सगळे नर एकाच ठेक्यात चमकतात. अख्खं झाड एकदम पेटतं, एकदम विझतं, आणि हे रात्रभर चालू शकतं.

१६९० मध्ये जपानला जाताना एंगेलबर्ट केम्फर हा जर्मन वैद्य सयाममध्ये थांबला होता. नदीकाठी त्याने हे दृश्य पाहिलं आणि लिहून ठेवलं. १७२७ मध्ये, त्याच्या मृत्यूनंतर, ते इंग्रजीत छापून आलं. वैद्यच तो, त्यामुळे त्याने उपमा दिली हृदयाच्या आकुंचन-प्रसरणाची. ही उपमा लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

यानंतरही प्रवासी अशा नोंदी करत राहिले, पण युरोप-अमेरिकेतल्या अनेक अभ्यासकांना हे पटेना. बरेच तर्क निघाले : योगायोग असेल, वाऱ्याने फांद्या हलत असतील, काजव्यांचा कुणी म्होरक्या असेल. १९१७ मध्ये फिलिप लॉरेंट यांनी 'सायन्स'मध्ये छापलेलं स्पष्टीकरण तर फारच प्रसिद्ध आहे. असा प्रकार आपल्यालाही दिसला होता, पण कीटकांत असं होणं निसर्गनियमांच्या विरुद्ध आहे, आणि खरं कारण म्हणजे आपल्याच पापण्यांची उघडझाप, असं त्यांचं म्हणणं!

आज हसू येतं. पण लॉरेंट यांची शंका अगदीच वेडगळ नव्हती. त्यांच्याकडचे बहुतेक काजवे आपापल्या वेळेने चमकतात आणि आपल्या डोळ्यांना नसलेली लयही दिसू शकते. शंका घेणं योग्यच होतं. गडबड झाली ती पुढच्या पायरीवर. "हे कसं घडतं ते कळत नाही" इथून ते थेट "हे घडतच नाही" इथे पोहोचले.

१९३५ मध्ये ह्यू स्मिथ यांनी त्याच नियतकालिकात सयाममधली सविस्तर निरीक्षणं दिली. ते होते माशांचे तज्ज्ञ आणि सयाम सरकारचे मत्स्यव्यवसाय सल्लागार. अनेक वर्षं तिथे राहिल्यामुळे त्यांनी हे पुन्हा पुन्हा पाहिलं होतं. काजवे दोन सेकंदांत साधारण तीनदा चमकतात, असं मोजमापही त्यांनी दिलं. म्हणजे 'घडतं का?' या प्रश्नाला भक्कम उत्तर मिळालं. 'कसं?' हा प्रश्न उरलाच.

तो सोडवायला १९६० च्या दशकात जॉन आणि एलिझाबेथ बक हे दांपत्य थायलंडला गेलं. त्यांचा सर्वांत गाजलेला प्रयोग बघा किती साधा आहे. काजवे पकडले, बँकॉकमधल्या हॉटेलच्या खोलीत आणले, अंधार केला आणि सोडून दिले. आधी सगळे वेडेवाकडे चमकत होते. मग दोघांचा ठेका जुळला, नंतर तिघांचा, आणि हळूहळू गट मोठे होत गेले. वारा नाही, झाड नाही, म्होरक्याही नाही.

१९६८ मध्ये त्यांनी मोजमापं प्रसिद्ध केली. काजव्यांच्या चमकण्यात फरक होता तो जेमतेम २० मिलिसेकंदांच्या आसपास. शेजाऱ्याला बघून प्रतिक्रिया द्यायला एवढा वेळ पुरत नाही. म्हणजे काजवा आत्ताच्या चमकेला उत्तर देत नाही. त्याच्या आत स्वतःचं घड्याळ असतं, आणि शेजाऱ्याची आधीची चमक बघून तो ते मागे-पुढे लावून घेतो. १९७१ मध्ये न्यू गिनीतल्या काजव्यांसमोर कृत्रिम प्रकाश चमकवला, तेव्हा त्यांचा ठेका खरोखर बदलला.

आता केम्फरची उपमा आठवा. १९७५ मध्ये चार्ल्स पेस्किन यांनी हृदयाचा ठोका ठरवणाऱ्या पेशींचं गणिती प्रारूप मांडलं. त्याचाच विस्तार करून १९९० मध्ये रेनाटो मिरोलो आणि स्टीव्हन स्ट्रोगॅट्झ यांनी सिद्ध केलं, की एकसारखे आणि सगळे एकमेकांशी जोडलेले असे दोलक कुठूनही सुरू झाले तरी जवळपास नेहमीच एका ठेक्यात येतात. अर्थात, अटी नीट वाचा. खऱ्या झाडावरच्या प्रत्येक काजव्याला बाकीचे सगळे दिसत नाहीत.

गंमत म्हणजे तोवर अमेरिकेत असे काजवे नाहीतच, असं मानलं जायचं. एका लेखात तसं वाचून लिन फाउस्ट यांनी शास्त्रज्ञांना कळवलं, की टेनेसीतल्या एल्कमाँटला आपण हे वर्षानुवर्षं बघत आलोय! त्या तेव्हा कुठल्याही विद्यापीठातल्या संशोधक नव्हत्या. जोनाथन कोपलंड आणि अँड्र्यू मोइसेफ यांनी तिथे जाऊन तपासलं. बाईंचं बरोबर निघालं. पुढे २०१० मध्ये या दोघांनी एलईडी दिव्यांनी दाखवलं, की नर एका वेळी चमकले तर माद्या बहुतेक वेळा उत्तर देतात, वेगवेगळ्या वेळी चमकले तर क्वचितच. 'कशासाठी?' या प्रश्नाचा एक भाग असा सुटला.

तेव्हा साहित्याचा आढावा घेताना वहीत तीन रकाने करा : घडतं का, कसं घडतं, कशासाठी घडतं. दुसरा रकाना रिकामा आहे म्हणून पहिल्यातली नोंद खोडू नका. तिथे लिहा : कुणी पाहिलं, कुठे, किती वेळा, मोजलं का. तुमच्या विषयात शंभर वर्षांपूर्वीची एखादी नोंद 'अविश्वसनीय' म्हणून बाजूला पडली असेल, तर ती नाकारणाऱ्याने नेमकं काय तपासलं होतं, तेही शोधून काढा. कदाचित तुमच्या प्रबंधाचा विषय तिथेच सापडेल.