रुमाल आणि तबकडी

पुण्यांतील जुन्या वाड्यांच्या माळ्यांवर आणि संस्थांच्या कपाटांत जीं दफ्तरें पिढ्यान्‌पिढ्या पडून होतीं, त्यांतील बराच भाग गेल्या पंचवीस वर्षांत संगणकावर उतरला आहे. वंशावळी, सनदा, जमाखर्चाच्या वह्या, लग्नकार्यांचे फोटो, वडिलांचीं पत्रें, हें सारें आतां तळहाताएवढ्या एका पेटींत मावतें. त्या पेटीस हार्ड डिस्क म्हणतात हें वाचकांस सांगण्याचें प्रयोजन नाहीं. सांगावयाचें तें निराळेंच. कागद एकदां डिस्कवर चढला, डिस्क कपाटांत गेली आणि कपाटास कुलूप लागलें, म्हणजे जतनाचें काम संपलें, असा समज सुशिक्षितांतही दृढ झालेला दिसतो. कुलूपबंद रुमालाविषयीं हा समज पुष्कळ अंशीं खरा ठरला. डिस्कविषयीं तो खरा ठरण्याचा संभव फार थोडा आहे. या दोन वस्तूंचे स्वभाव किती भिन्न आहेत, हें त्यांच्या इतिहासावरून पाहण्याचें योजिलें आहे.

प्रथम रुमाल. पेशव्यांच्या हुजूर दफ्तराचा जो भाग आज पुण्याच्या सरकारी पुराभिलेखागारांत आहे, त्याची कहाणी बरीचशी उपेक्षेचीच आहे. १८१८ सालीं राज्य गेलें आणि दफ्तर इंग्रजांच्या हातीं पडलें. त्यांनीं तें जपलें खरें. परंतु त्यामागें इतिहासाची आवड नव्हती. कोणाचें इनाम खरें व कोणाचें खोटें, हें ठरविण्यास ते कागद लागत. १८५२ च्या कायद्यानें बळ मिळालेल्या इनाम कमिशननें ठिकठिकाणचे आणखी कागद जमा केले. १८९१ सालीं या सर्वांसाठीं स्वतंत्र इमारत झाली. तरीही इतिहासाच्या अभ्यासकास तिचें दार दीर्घकाळ बंदच होतें. गो. स. सरदेसाई यांनीं संपादिलेले निवडक कागदांचे ४५ भाग १९३० पासून पुढील चारएक वर्षांत छापून निघाले, तेव्हां कोठें आंत काय दडलें आहे याची कल्पना मराठी वाचकांस आली. शंभरांहून अधिक वर्षें हे गठ्ठे फडक्यांत बांधलेले राहिले, पावसाळ्यांत सादळले, उन्हाळ्यांत वाळले, कांहींना कसर लागली. आणि गांठ सोडली तेव्हां अक्षर जागच्या जागीं होतें! राजवाड्यांनीं १८९८ पासून 'मराठ्यांच्या इतिहासाचीं साधनें' प्रसिद्ध करण्यास प्रारंभ केला, तेव्हां त्यांच्या हातीं आलेले खाजगी कागद तर याहूनही हलाखींत दिवस काढलेले होते. आग, पूर आणि वाळवी हे कागदाचे खरे वैरी. घरधन्याची बेपर्वाई तो बराच काळ सोसूं शकतो. वाचणारा शंभर वर्षें आला नाहीं तरी तो वाट पाहतो.

आपल्या पूर्वजांस जतनाची दृष्टि नव्हती असें मात्र नव्हे. पोथीच्या शेवटीं लेखक पोथीच्याच तोंडून विनंति करी, कीं मला पाण्यापासून राखा, तेलापासून राखा, सैल बांधूं नका आणि मूर्खाच्या हातीं देऊं नका. समर्थांनीं तर दासबोधाच्या एकोणिसाव्या दशकाचा पहिला समास सबंध लेखनक्रियेसच दिला आहे. त्यांत एक व्यवहारी इशारा आहे : तरुणपणीं फार बारीक अक्षर लिहूं नये, म्हातारपणीं तें कामास येत नाहीं, मध्यम लिहावें. हार्ड डिस्कचा इतिहास पाहूं लागलें म्हणजे या उपदेशाची आठवण झाल्यावांचून राहत नाहीं, कारण तो सारा बारीक अक्षराचाच इतिहास आहे.

पहिली डिस्क १९५६ सालीं आय. बी. एम. कंपनीनें बाजारांत आणली. ती कॅलिफोर्नियांतील सॅन होजे येथें घडली. २४ इंच व्यासाच्या ५० तबकड्या एका दांड्यावर चढविलेल्या, वजन टनाच्या घरांत, आणि मावणार काय, तर ५० लक्ष अक्षरें. तबकडी फिरते ती ग्रामोफोनच्या रेकॉर्डसारखी. पण ग्रामोफोनची सुई रेकॉर्डीस घासते, तर डिस्कचें हेड तबकडीस न शिवतां हवेच्या पातळ थरावर तरंगत चुंबकीय खुणा उमटवितें व वाचतें. पहिल्या यंत्रांत हा थर राखण्यासाठीं दाबाखालची हवा सोडावी लागे. पुढें तबकडीच्या फिरण्यानेंच तो आपोआप निर्माण होईल अशी हेडची घडण साधली. अक्षर जितकें बारीक करावें तितकें हेड जवळ आणावें लागतें. आज हें अंतर अवघ्या कांहीं नॅनोमीटरांचें आहे. माणसाचा केंस त्याच्या हजारोंपट जाड असतो. मिनिटास ७२०० फेरे घेणाऱ्या तबकडीवर, एवढ्या उंचीवरून, एक पोलादी नव्हे तर नखाच्या टोंकाहून लहान असा चिनी मातीसारखा कठीण तुकडा तरंगत आहे, असें डोळ्यांपुढें आणावें, म्हणजे चालू डिस्क टेबलावरून खालीं पडणें ही काय आपत्ति आहे हें निराळें समजावून द्यावें लागणार नाहीं.

१९७३ पूर्वीं मोठ्या यंत्रांतील तबकड्यांचे संच काढतां-घालतां येत, त्यामुळें धूळ हा त्यांचा पहिला शत्रु होता. त्या वर्षीं आय. बी. एम. नेंच 'विंचेस्टर' या नांवानें ओळखली जाणारी जी पद्धति आणली, तींत हेड व तबकड्या एकाच बंद पेटींत आल्या. १९८० सालीं सव्वापांच इंची डिस्क निघाली, तिची क्षमता पांच मेगाबाइट. तेथून ही वस्तु मेजावरच्या संगणकांत शिरली. त्या काळच्या पुष्कळ डिस्कांत यंत्र बंद करण्यापूर्वीं हेड सुरक्षित जागीं नेऊन ठेवण्याची आज्ञा हातानें द्यावी लागे, आणि ती विसरून यंत्र हलविलें तर तबकडीवर ओरखडा पडे. पुढें हें काम डिस्क आपणच करूं लागली.

आपल्याकडे १९८४ च्या संगणक-धोरणानंतर कार्यालयांत संगणकाच्या खोल्या झाल्या, त्या अनेकांस आठवत असतील. खोली वातानुकूलित, दारास पडदा, आणि पादत्राणें बाहेर! बंद पेटीच्या डिस्कांस या सोवळ्याची फारशी गरज उरलेली नव्हती. तें उघड्या तबकड्यांच्या काळचें होतें. कारण गेलें तरी विधि राहावा, हें आपल्या समाजास नवें नाहीं. डिस्कच्या निगेविषयीं आज जे नियम तोंडोतोंडीं सांगितले जातात, त्यांतलेही पुष्कळ असेच मागच्या यंत्रांचे आहेत.

कोणता नियम जिवंत आहे हें ठरविण्यास मोठ्या संख्येवर केलेला हिशेब लागतो, आणि तसे दोन हिशेब सुदैवानें २००७ सालीं एकदमच प्रसिद्ध झाले. कार्नेगी मेलन विद्यापीठांतील बियांका श्रेडर व गार्थ गिब्सन यांनीं सुमारें एक लक्ष डिस्कांच्या नोंदी तपासल्या. कारखानदार जें सरासरी आयुष्य छापतात तें १० लक्ष तासांचें वा त्याहूनही अधिक, म्हणजे ११४ वर्षांच्या वर! त्या मानानें वर्षास शेंकडा एकाहूनही कमी डिस्का बिघडाव्या; प्रत्यक्षांत शेंकडा दोन ते चार नेहमींच बदलाव्या लागत, आणि कांहीं ठिकाणीं हें प्रमाण तेरापर्यंत गेलें होतें. शिवाय पहिलें वर्ष पार पडलें म्हणजे पुढें निर्धास्त, हाही समज टिकला नाहीं. वयाबरोबर बिघाड वाढतच जातो असें त्यांस आढळलें. दुसरा हिशेब गूगल कंपनीच्या तिघां संशोधकांचा. त्यांच्याही पाहणींत लक्षाहून अधिक डिस्का होत्या. उष्णतेनें व अतिवापरानें डिस्क मरते ही सार्वत्रिक समजूत त्यांनीं पुष्कळ सौम्य केली : बेताच्या उष्णतेंत अधिक मरण दिसलें नाहीं, किंबहुना नव्या डिस्का फार थंड ठेवल्यानें लाभ होतो असेंही दिसेना; उष्णता बाधते ती मुख्यतः वय झालेल्या डिस्कांस.

या दुसऱ्या पाहणींतील एक गोष्ट वैद्यकासारखी आहे. डिस्क आपल्या दुखण्यांची नोंद आपणच ठेवीत असते. तबकडीचा कोणता भाग नासला, किती वेळां वाचन चुकलें, इत्यादि. तपासणींत पहिली चूक आढळलेली डिस्क पुढील ६० दिवसांत बिघडण्याचा संभव निर्दोष डिस्कच्या ३९ पट असतो असें त्यांस दिसलें. अशी नोंद आढळतांच नवी प्रत काढावी, हें उघड आहे. परंतु निम्म्याहून अधिक मेलेल्या डिस्कांत महत्त्वाच्या मानलेल्या चार लक्षणांपैकीं एकही नव्हतें. दुखणें न सांगतां जाणारीं माणसें असतात तशाच या.

आतां आपल्या गांवाकडे वळूं. पुण्याचा उन्हाळा कडक खरा, पण तो कोरडा. पारा चाळिसांपर्यंत चढला तरी वारा खेळता असेल तर डिस्क तें सोसते. आमच्या मतें पुणेंकरानें अधिक धास्ती घ्यावी ती आषाढ-श्रावणाची. २०१६ सालीं प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासांत, बाहेरच्या हवेनें थंड ठेवल्या जाणाऱ्या केंद्रांतील डिस्का पाहिल्या असतां, उष्णतेपेक्षां हवेंतील ओलावाच अधिक घातक दिसला. आणि तो तबकडीपेक्षां तिच्या विद्युत्‌-पट्टीस आधीं खातो. म्हणून भिंतीस ओल येणाऱ्या कपाटांत डिस्क ठेवूं नये. ओल शोषणाऱ्या पुड्या घालून झांकणाच्या डब्यांत ठेवावी आणि त्या पुड्या दरवर्षीं बदलाव्या. विजेविषयीं म्हणावें तर, २००५-०६ च्या सुमारास भारनियमनानें महाराष्ट्र हैराण झाला होता. २००६ सालीं येथील कारखानदारांनीं स्वतःचीं जनित्रें चालवून पुणें त्यांतून सोडविलें, तें 'पुणें मॉडेल' म्हणून गाजलें. वीज अकस्मात्‌ गेली तर आजची डिस्क तबकडीच्या उरलेल्या गतींतूनच वीज निर्माण करून हेड जागेवर नेते. डिस्कचा देह वाचतो, पण अर्धवट लिहिलेलें बुडतें, आणि कधींकधीं त्याबरोबर सगळी अनुक्रमणिकाही. संगणकास यूपीएस जोडणें आणि डिस्कची वायर उपटण्यापूर्वीं ती रीतसर बंद करणें, एवढ्यानें हें संकट बहुतेक टळतें.

या सर्व काळजीनें काय साधतें? तीन वर्षांत मरावयाची डिस्क सहा-सात वर्षें जगते, क्वचित्‌ दहा. हें थोडें नव्हे. परंतु शंभर वर्षें नव्हे, आणि ज्यांस दफ्तर पणतवांच्या हातीं द्यावयाचें आहे त्यांचा खरा प्रश्न येथून सुरू होतो. कपाटांतील डिस्क झिजत नाहीं म्हणून ती सुखरूप, असेंही म्हणतां येत नाहीं. तिची विद्युत्‌-पट्टी जुनी होते, धाऱ्यांतील वंगण जुनें होतें. आणि मुख्य म्हणजे ती केव्हां गेली हें कोणासच कळत नाहीं. रुमालास वाळवी लागली तर खालीं भुसा पडतो. डिस्क मेली तरी बाहेरून तशीच दिसते.

उपाय आपल्या परंपरेंतच आहे, आणि तो नक्कल. भांडारकर प्राच्यविद्या संशोधन मंदिरांत १९१९ सालीं महाभारताच्या चिकित्सित आवृत्तीचें काम सुरू झालें, तें १९६६ सालीं पुरें झालें. त्यासाठीं १२५९ हस्तलिखितें तपासण्यांत आलीं. त्यांतलें एकही व्यासांच्या हातचें नव्हे हें सांगावयास नको. सगळ्या नकलांच्या नकला. भूर्जपत्रें विरलीं, ताडपत्रें तुटलीं, तरी ग्रंथ राहिला, तो पिढीगणिक कोणीतरी उतरून घेतला म्हणून. अर्थात्‌ प्रत्येक उतरणाऱ्यानें कांहीं गाळलें, कांहीं घातलें, आणि डॉ. सुखठणकर व त्यांच्यामागून आलेले संपादक यांचे कष्ट त्यापायींच. डिस्कच्या नकलेस हा दोष नाहीं. रोजकीर्दीचा मेळ घालावा त्याप्रमाणें संगणक मूळ व नक्कल दोहोंच्या अक्षरांची एक बेरीज काढून ताडून पाहूं शकतो, आणि मेळ बसला तर काना-मात्रेचाही फरक नाहीं अशी खात्री देतो. हीच चिकित्सित संहिता क्योतोचे प्रा. मुनेओ तोकुनागा यांनीं संगणकावर उतरविली, केंब्रिजचे जॉन स्मिथ यांनीं ती शोधिली, आणि भांडारकर मंदिराच्या नांवें ती उपलब्ध झाली. देशोदेशींच्या अभ्यासकांच्या यंत्रांवर ती आज आहे. त्यांतली एखादी डिस्क बिघडल्यानें महाभारताचें कांहीं बिघडत नाहीं. एका घरच्या आजोबांचीं पत्रें मात्र एकाच डिस्कवर असतात.

नक्कल कोठें ठेवावी, हाही प्रश्न आहे. १२ जुलै १९६१ रोजीं पानशेत आणि खडकवासला फुटलीं तेव्हां नदीकांठच्या पेठांत जें घडलें तें पुण्यास ठाऊक आहे. मूळ डिस्क नारायण पेठेंत आणि नक्कल शनवारांत, ही व्यवस्था त्या दिवशीं निरुपयोगी ठरली असती. तिसरी प्रत परगांवीं, मुलीच्या किंवा भावाच्या घरीं असावी. (२०११ सालीं थायलंडांत पूर आला तेव्हां डिस्का घडविणारे कारखानेच पाण्याखालीं गेले आणि जगभर डिस्का महागल्या, पूर हा या वस्तूच्या जन्मापासून तिच्या पाठीस आहे.)

डिस्क जगली, नक्कल जुळली, तरी आंतलें वाचतां आलें पाहिजे. मोडी लिपि मागें पडली आणि पेशवे दफ्तर वाचणारे बोटांवर मोजण्याइतके राहिले. युनिकोड रूढ होण्यापूर्वीं निरनिराळ्या फॉन्टांत टंकिलेल्या मराठी मजकुराची आज तीच गत आहे. फॉन्ट नसेल तर पडद्यावर निरर्थक चिन्हें उमटतात. गंमत अशी कीं, मोडीस स्वतःस २०१४ सालीं युनिकोडांत स्थान मिळालें. तेव्हां नवी प्रत काढतांना जुना मजकूर युनिकोडांत आणून ठेवणें हें नकलेचेंच अंग मानावें.

जुन्या कचेऱ्यांतून आवक-जावक नोंदण्यास बारनिशी असे. संस्थांनीं डिस्कांसाठीं तशीच एक कागदी वही घालावी, आणि घरांनींही : डिस्क कोणत्या तारखेस घेतली, तींत काय आहे, नक्कल कोणाकडे, शेवटची तपासणी केव्हां, नवी डिस्क कोणत्या वर्षीं घ्यावयाची. पांचवें वर्ष लागलें कीं प्रकृति कशीही असो, मजकूर नव्या डिस्कवर न्यावा. तपासणीस वर्षांतून दोन दिवस पुरतात. एक ज्येष्ठांत, पाऊस स्थिरावण्यापूर्वीं. दुसरा दसऱ्याचा घ्यावा. त्या दिवशीं पोथ्या, पाट्या आणि हत्यारें बाहेर निघतातच, त्यांच्या ओळींत डिस्कही मांडावी, संगणकास जोडून ती उघडते कीं नाहीं तें पाहावें, आणि वहींत तारीख घालून मग तिच्यावर फूल वाहावें.