प्रतिनियुक्ती : वनविकास महामंडळातील शासकीय सेवकांची कायदेशीर स्थिती

राज्यशासनाच्या सेवकाने आपल्या मूळ पदावरील धारणाधिकार कायम राखून, शासनाच्याच मालकीच्या परंतु कायद्याने पृथक् अस्तित्व असलेल्या मंडळाच्या वा कंपनीच्या कामावर ठराविक मुदतीपुरते रुजू होणे म्हणजे प्रतिनियुक्ती. ज्या सेवेचे वेतन संघाच्या वा राज्याच्या एकत्रित निधीतून न निघता अन्यत्रून निघते, तिला महाराष्ट्राच्या नियमांत ‘स्वीयेतर सेवा’ अशी संज्ञा आहे. चंद्रपूर व गडचिरोली या वनजिल्ह्यांत या व्यवस्थेचे प्रमुख उदाहरण महाराष्ट्र वनविकास महामंडळ हे होय.

पूर्वपीठिका. राष्ट्रीय कृषी आयोगाने १९७२ च्या अंतरिम अहवालात उत्पादनक्षम वनांच्या लागवडीसाठी स्वायत्त महामंडळे स्थापावीत, म्हणजे त्यांस वित्तसंस्थांचे कर्ज मिळू शकेल, अशी शिफारस केली. तदनुसार १६ फेब्रुवारी १९७४ रोजी हे महामंडळ कंपनी कायद्याखाली स्थापन झाले. मुख्य कचेरी नागपूर. पश्चिम चांदा, मध्य चांदा, मार्कंडा, प्राणहिता व ब्रह्मपुरी या त्याच्या प्रकल्प-विभागांच्या नावांत जुन्या चांदा (चंद्रपूर) जिल्ह्याचा मुलूख ओळखू येतो. जंगलाची माहिती असलेला अनुभवी नोकरवर्ग वनखात्यापाशीच असल्याने, उपवनसंरक्षकाच्या दर्जाचा अधिकारी विभागीय व्यवस्थापक म्हणून नेमण्याची पद्धत रूढ झाली.

नियम. चांदा जिल्हा १९५६ पर्यंत मध्यप्रदेशात होता, त्यामुळे तेथील जुन्या प्रकरणांत १९२२ च्या मूलभूत नियमांचा आधार आढळतो. पुढे मुंबई नागरी सेवा नियम, १९५९ व त्यानंतर पदग्रहण अवधी, स्वीयेतर सेवा इत्यादींविषयीचे महाराष्ट्र नागरी सेवा नियम, १९८१ आले. भारतीय वनसेवेतील अधिकाऱ्यांस १९६६ चे संवर्ग नियम लागू आहेत.

दर्जा. महामंडळ हे शासनाचे असले तरी ते शासन नव्हे, हे तत्त्व सर्व विवेचनाच्या मुळाशी आहे. हिंदुस्तान स्टीलसंबंधीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६९ साली असा निर्णय दिला की, शासकीय कंपनीचा नोकर संविधानाच्या, बडतर्फीपासून संरक्षण देणाऱ्या अनुच्छेद ३११ च्या अर्थाने नागरी पद धारण करीत नाही. प्रतिनियुक्त सेवकाची गोष्ट निराळी : दैनंदिन हुकूम त्याला महामंडळाचा, पगार महामंडळाचा, तथापि त्याचे मूळ पद शासनाचे असल्यामुळे त्या पदाचे सांविधानिक संरक्षण त्याजपासून हिरावले जात नाही. आलापल्लीच्या सागवनात चोरटा माल जप्त करताना तो जो अधिकार बजावतो, तोही कंपनीच्या नियुक्तिपत्रातून येत नाही; भारतीय वन अधिनियम, १९२७ अन्वये ज्याची नेमणूक राज्यशासनाने वा त्याने प्राधिकृत केलेल्या अधिकाऱ्याने केली असेल, तोच ‘वन अधिकारी’ होय. या भेदाकडे दुर्लक्ष झाल्यास वनगुन्ह्याचा खटला कच्चा पडण्याचा संभव असतो, म्हणून तो विशेष महत्त्वाचा मानला पाहिजे.

मुदतीनंतर, किंवा तत्पूर्वीही, सेवकास मूळ खात्याकडे परत पाठविता येते. प्रतिनियुक्तीच्या जागीच कायम राहण्याचा हक्क त्याला नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने कुणाल नंदा प्रकरणात (२०००) म्हटले आहे.

संमती. उमापती चौधरी प्रकरणात (१९९९) प्रतिनियुक्ती ही सेवा उसनी देणारा, ती घेणारा व स्वतः सेवक या तिघांच्या संमतीची बाब मानली आहे. मूलभूत नियमांत मात्र इच्छेविरुद्ध स्वीयेतर सेवेत न पाठविण्याच्या तत्त्वाला, शासनाच्या मालकीच्या वा नियंत्रणाखालील संस्थेपुरता अपवाद आहे. या दोहोंच्या समन्वयाविषयी मतभेद आहेत.

शिस्त. महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ प्रमाणे उसनी सेवा घेणाऱ्या प्राधिकाऱ्यास निलंबनाचा व चौकशी चालविण्याचा अधिकार आहे. मात्र त्याची कारणे मूळ खात्यास तत्काळ कळविली पाहिजेत. किरकोळ शिक्षा मूळ खात्याच्या विचाराने देता येते. बडतर्फीसारखी जबर शिक्षा योग्य वाटल्यास सेवकाची सेवा व चौकशीचे कागद मूळ खात्याच्या स्वाधीन करावे लागतात. कारण ज्याने नेमणूक केली नाही, त्याच्या हातून नेमणूक संपुष्टात येऊ नये.

रोजंदार मजूर. कूपातील (वृक्षतोडीच्या खंडातील) व रोपवनातील मजुरांचे शासनात मूळ पदच नसल्याने त्यांस ही व्यवस्था लागू नाही.

अंशदान व निवृत्तिवेतन. प्रतिनियुक्तीचा काळ निवृत्तिवेतनास जमेस धरला जातो, परंतु त्यासाठी निवृत्तिवेतन व रजावेतन यांचे अंशदान नियमित भरले जाणे व त्याची नोंद सेवापुस्तकात होणे अवश्य असते. ही नोंद राहून गेली तर तिचे परिणाम निवृत्तीच्या वेळी प्रकट होतात, आणि भामरागड किंवा सिरोंच्यासारख्या दूरच्या तालुक्यात उभी हयात घालविलेल्या वनरक्षकास नागपूरच्या दप्तरातील जुने चलन शोधीत फिरावे लागणे हा अन्यायच होय. म्हणून अंशदानाची नोंद मूळ खात्याने दरसाल पडताळून पाहावी, हेच इष्ट. १ नोव्हेंबर २००५ रोजी वा त्यानंतर शासकीय सेवेत नियुक्त झालेल्यांकरिता परिभाषित अंशदानाची निराळी योजना आली.

समावेशन. शासनाच्या संमतीने महामंडळात कायम समावेशन झाल्यास मूळ सेवेतून निवृत्ती झाली असे मानले जाते, धारणाधिकार संपतो व तोवरच्या सेवेच्या प्रमाणात निवृत्तिवेतन देय होते.