उपवासाला चालणारा बटाटा आणि न चालणारी माणसे



गेल्या पावसाळ्यात दरेकसाला आमचे दोन दिवसांचे शिबिर होते. गोंदिया जिल्ह्याच्या सालेकसा तालुक्यातले हे गाव. हावडा-मुंबई रेल्वेमार्गावरचे जंगलातले छोटे स्टेशन आणि जवळच कचारगडची गुहा. दर माघ पौर्णिमेला देशभरातले गोंड बांधव तिथे आपल्या पुरखांना वंदन करायला जमतात. शिबिराच्या दुसऱ्या दिवशी पावसाने जोर धरला, वीज गेली, आणि पंधरा-सोळा जण एका कार्यकर्त्याच्या घरात अडकून पडलो. मग स्वयंपाक करायचे ठरले. म्हशीचा खिमा होता आणि पोतेभर आलू होते.

आमच्यातला एक जण काही वर्षे मुंबईत केटरिंगच्या कामाला होता. तो म्हणाला, इंग्रजांचा एक साधा पदार्थ करू, 'कॉटेज पाय' म्हणतात त्याला. कांदा लालसर करून त्यात आले-लसूण, हळद, तिखट, धणेपूड घातली. खिमा टाकून त्याचे पाणी पूर्ण आटेपर्यंत परतला. पाणी राहिले तर वरचा थर बसत नाही, हे त्याने तीनदा बजावले. आलू उकडून, सोलून, गरम असतानाच कुस्करले, त्यात मीठ आणि थोडे दूध घातले. जाड बुडाच्या गंजात खाली खिमा, वर आलूचा जाड थर, आणि चमच्याच्या पाठीने त्यावर रेघा ओढल्या. ओव्हन कुठला असणार? गंज मंद निखाऱ्यांवर ठेवला, वर जड झाकण आणि झाकणावरही निखारे. आपल्या आया रोडगे भाजताना वरखाली आच देतात, तसेच. अर्ध्या तासाने झाकण काढले तेव्हा आलूवर तांबूस पापुद्रा धरला होता. ओल्या कपड्यांनी बसलेल्या माणसांना ते गरम गरम जेवण किती बरे वाटले, ते वेगळे सांगायला नको.

एकाने मोबाईल काढला. तेव्हा अकरावीत शिकणारी, वसतिगृहात राहणारी एक मुलगी हळूच म्हणाली, "फोटो नका टाकू जी. हॉस्टेलच्या पोरी पाहतील." आणि तिच्या शेजारी बसलेल्या एका ज्येष्ठ कार्यकर्त्याने विचारले, "आपण बौद्ध झालो, बाबासाहेबांनी हे सोडायला सांगितले, मग हे कशाला पाहिजे?" भीती एकीची होती आणि शंका दुसऱ्याची. उत्तर मात्र दोघांनाही इतिहासातच शोधावे लागते, म्हणून हा लेख.

आधी बटाट्याचे पाहू, कारण त्याच्यावर कोणी शंका घेत नाही. बटाटा भारताचा नाही. दक्षिण अमेरिकेतल्या अँडीज पर्वतात, आजच्या पेरू-बोलिव्हियाच्या भागात, तिथल्या मूळनिवासी शेतकऱ्यांनी हजारो वर्षांपूर्वी तो लागवडीखाली आणला. सोळाव्या शतकात स्पॅनिश लोकांनी तो युरोपात नेला आणि पुढे युरोपीय व्यापाऱ्यांबरोबर तो आपल्याकडे पोचला. 'बटाटा' हा मराठी शब्द पोर्तुगीजांकडूनच आला. युरोपातही त्याचे स्वागत झाले नाही. फ्रान्समध्ये तो डुकरांचा चारा समजला जाई आणि त्याने महारोग होतो अशी समजूत होती. पार्मांतिए नावाचा औषधशास्त्रज्ञ प्रशियाच्या कैदेत असताना बटाटे खाऊन जगला आणि सुटल्यावर त्याने आयुष्यभर बटाट्याचा प्रचार केला. फ्रान्समध्ये खिम्यावर बटाट्याचा थर देऊन केलेल्या पदार्थाला आजही त्याचेच नाव आहे. इंग्लंडमध्ये 'कॉटेज पाय' हे नाव अठराव्या शतकाच्या अखेरीस दिसू लागते. कॉटेज म्हणजे शेतमजुराची झोपडी. उरलेसुरले मांस बारीक करायचे, स्वस्त बटाट्याने ते झाकायचे आणि पोट भरायचे. झोपडीचे नाव लागलेला हा पदार्थ आज तिथे कोणीही, कोणापासूनही न लपवता खातो.

आता आपल्याकडच्या उपवासाच्या ताटाकडे बघा. साबुदाणा, बटाटा, शेंगदाणा, हिरवी मिरची. यांतली एकही वस्तू वेदांना माहीत नव्हती, पुराणांना नव्हती, ज्ञानेश्वरांच्या काळातल्या महाराष्ट्रालाही नव्हती. साबुदाणा ज्या कसाव्याच्या कंदापासून होतो तो कंद, बटाटा, भुईमूग आणि मिरची, चारही अमेरिका खंडातून आलेली पिके. समुद्र ओलांडणे हेच ज्या धर्मशास्त्राने पाप ठरवले, त्याच धर्माच्या एकादशीला समुद्र ओलांडून आलेल्या चार वस्तू सर्वांत पवित्र ठरल्या! बटाट्याला कोणी गोमूत्र शिंपडून शुद्ध करून घेतले, असे कुठल्या ग्रंथात असेल तर आम्हाला जरूर कळवा.

याउलट गोमांसाचा उल्लेख या देशाच्या जुन्या ग्रंथांत जागोजागी आहे. हे आमचे मत नाही. बाबासाहेबांनी 1948 साली प्रकाशित केलेल्या 'द अनटचेबल्स' या ग्रंथात एक अख्खे प्रकरणच हिंदूंनी कधी गोमांस खाल्ले नाही काय या प्रश्नावर आहे. ऋग्वेदापासून शतपथ ब्राह्मणापर्यंतचे पुरावे त्यांनी तिथे मांडले. पाहुण्याला 'गोघ्न' का म्हणत, याचाही खुलासा केला. पाहुणा आला की त्याच्यासाठी गाय मारली जाई, म्हणून.

मग गोष्ट उलटी कशी झाली? बाबासाहेबांचे उत्तर आपल्या तरुणांनी नीट वाचले पाहिजे. आम्ही शिबिरांमध्ये विचारतो तेव्हा बहुतेकांना 'ब्रोकन मेन' हा शब्द माहीत असतो, पुढचा तर्क माहीत नसतो. तर्क असा. बौद्ध धम्माने यज्ञातल्या पशुहत्येला आव्हान दिले आणि सामान्य शेतकरी धम्माकडे वळला. गमावलेले वर्चस्व परत मिळवायचे तर बौद्ध भिक्खूंच्याही एक पाऊल पुढे जाणे भाग होते. म्हणून ब्राह्मणांनी नुसती गोहत्या सोडली नाही, शाकाहारच स्वीकारला आणि गाईला पूज्य केले. ब्राह्मणेतरांनी त्यांचे अनुकरण करून गोमांस सोडले. पण गावाबाहेर राहणाऱ्या, टोळ्यांतून फुटून आलेल्या माणसांना ते सोडणे परवडणारे नव्हते. मेलेल्या जनावराचे मांस हाच त्यांचा आधार होता आणि मेलेले जनावर ओढणे हे त्यांच्यावर लादलेले काम होते. शिवाय ती माणसे बौद्ध होती, ब्राह्मणांना मानत नव्हती. गोमांस खाणारा तो अस्पृश्य, ही रेघ तिथे ओढली गेली. बाबासाहेबांनी अस्पृश्यतेचा जन्म साधारण इसवी सन 400 च्या सुमाराचा मानला.

इतिहासकारांनी या सिद्धांताच्या काही भागांवर वाद घातला आहे. घालू द्या. पण 1911 च्या जनगणनेसाठी इंग्रज सरकारने जे परिपत्रक काढले, त्यात कोणत्या जातींना हिंदूंपासून वेगळे मोजायचे याच्या कसोट्यांमध्ये 'गोमांस खातात' आणि 'गाईला पूज्य मानत नाहीत' या दोन कसोट्या होत्या. बाबासाहेबांनी ते परिपत्रकही पुराव्यात घेतले. ब्राह्मणी व्यवस्थेने ओढलेली रेघ विसाव्या शतकात सरकारी कागदावरही शिल्लक होती.

आता ज्येष्ठ कार्यकर्त्याच्या शंकेकडे येऊ. बाबासाहेबांनी काय सोडायला सांगितले? मार्च 1927 मध्ये महाडच्या परिषदेत त्यांनी आपल्या लोकांना मेलेल्या जनावराचे मांस खाणे सोडा, असे सांगितले. 'मेलेल्या' हा शब्द इथे महत्त्वाचा आहे. गावात कोणाचेही ढोर मेले की महाराने ते ओढून न्यायचे आणि त्याचे मांस-कातडे ही त्याची मजुरी, हा गावगाड्याचा नियम होता. तो नियम मोडायचा होता. 15 ऑक्टोबर 1956 ला, धम्मदीक्षेच्या दुसऱ्या दिवशी, नागपूरच्या भाषणात त्यांनी हा जुना वाद पुन्हा सांगितला. मेलेली ढोरे सोडल्याने महारांचे केवढे आर्थिक नुकसान होते याचा हिशेब कोणी तरी 'केसरी'त मांडला होता. बाबासाहेबांचे उत्तर सरळ होते: एवढा फायदा आहे तर तो तुम्हीच का घेत नाही?

2016 च्या जुलैमध्ये गुजरातमधल्या उना इथे मेलेल्या गाईचे कातडे काढणाऱ्या दलित तरुणांना गोरक्षकांनी बांधून मारले. त्यानंतर गुजरातच्या दलितांनी ढोरे उचलणे थांबवले आणि मेलेली जनावरे सरकारी कचेरीपुढे आणून टाकली. बाबासाहेबांचे तेच उत्तर त्यांनी कृतीने दिले. उनाच्या पीडित कुटुंबाने 2018 मध्ये बौद्ध धम्म स्वीकारला.

म्हणजे सोडायची होती ती लाचारी आणि वेठबिगार. ताजे मांस विकत आणून घरी शिजवणे ही वेगळी गोष्ट आहे. बावीस प्रतिज्ञांमध्ये प्राणिमात्रांवर दया करण्याची प्रतिज्ञा आहे, दारू न पिण्याची आहे. मांस न खाण्याची प्रतिज्ञा नाही. 'बुद्ध आणि त्यांचा धम्म' या ग्रंथात बाबासाहेबांनी अहिंसा हे तत्त्व आहे, नियम नव्हे, असे समजावले आणि मारण्याची इच्छा व मारण्याची गरज यांत फरक केला. विनयातही भिक्खूला त्याच्यासाठी मुद्दाम मारलेले मांस वर्ज्य आहे, एरवी भिक्षापात्रात पडेल ते चालते. कोणाला करुणेपोटी मांस सोडायचे असेल तर त्याने आनंदाने सोडावे, आमच्यात असे साथी आहेत. दरेकसाच्या त्या जेवणातही दोघांनी नुसता आलू-भात खाल्ला. पण शेजाऱ्याने नाक मुरडू नये म्हणून सोडणे याला करुणा म्हणू नका.

आपल्याच साहित्यात या स्वयंपाकाची नोंद आहे, ती वाचा. शाहू पाटोळे यांचे 'अन्न हे अपूर्णब्रह्म' हे 2015 चे पुस्तक मराठवाड्यातल्या महार-मांगांच्या चुलीवर काय शिजत होते ते सांगते. मांसाच्या पट्ट्या उन्हात वाळवून केलेल्या चान्या, रक्त, आतडी, चरबी. ज्या घरी तेल नव्हते तिथे काय वापरले, तेही त्यात आहे. पुणे विद्यापीठाच्या स्त्री अभ्यास केंद्रात शर्मिला रेगे आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी 2009 मध्ये दलितांच्या अन्नाच्या आठवणींवर काम केले. आम्ही समाजशास्त्र शिकत असताना ते वाचले, तेव्हा पहिल्यांदा वर्गात मान वर करून आजीच्या चान्यांबद्दल बोललो. त्याआधी आम्हीही त्या मुलीसारखेच डबा झाकून खात होतो.

तिच्या भीतीला मात्र आज कायद्याचीही जोड आहे. महाराष्ट्राच्या 1976 च्या प्राणी संरक्षण कायद्याने गाईची कत्तल बंद केली होती. 1995 ला विधिमंडळाने मंजूर केलेल्या दुरुस्तीला 2015 मध्ये राष्ट्रपतींची संमती मिळाली आणि बैल-वळूही त्यात आले. शिक्षा पाच वर्षांपर्यंत. 6 मे 2016 ला मुंबई उच्च न्यायालयाने कत्तलबंदी कायम ठेवली, पण राज्याबाहेर कापलेले मांस जवळ बाळगणे हा गुन्हा ठरवणारे कलम रद्द केले. निर्दोष असल्याचे आरोपीनेच सिद्ध करावे, हे कलमही रद्द झाले. माणूस आपल्या घरात काय खातो हा त्याच्या खासगीपणाचा भाग आहे, असे न्यायालयाने म्हटले. म्हशीचे मांस महाराष्ट्रात बेकायदा नाही. देशातून जे 'बीफ' जहाजे भरून निर्यात होते, तेही म्हशीचेच असते, आणि त्या निर्यातीवर कोणाच्या भावना दुखावताना दिसत नाहीत.

पण दरेकसातून पूर्वेकडे जाणाऱ्या गाडीत बसा. पुढचे बोरतलाव स्टेशन छत्तीसगडात येते. तिथल्या 2004 च्या कायद्यात गाय-बैलांबरोबर म्हैस आणि रेडाही आहेत, आणि मांस बाळगणे हाही गुन्हा आहे. म्हणजे आमच्या गंजातला तोच खिमा दरेकसाला जेवण होता आणि एका स्टेशनापलीकडे गुन्ह्याचा मुद्देमाल झाला असता. वरचा आलूचा थर मात्र दोन्हीकडे निर्दोष. या पट्ट्यात काम करणाऱ्या साथींनी हा फरक लक्षात ठेवावा. मांस विकत घेताना पावती घ्यावी, ती जपून ठेवावी आणि राज्याची हद्द ओलांडताना डबा सोबत नेऊ नये.

त्या मुलीला आम्ही यातले बरेच काही त्याच रात्री कंदिलाच्या उजेडात सांगितले. उपवासाच्या ताटाची गोष्ट ऐकून ती खूप हसली. "मॅडमले विचारतो आता, साबुदाणा कोठून आला म्हणून," म्हणाली. विचारले की नाही ते कळले नाही. पण दिवाळीनंतरच्या शिबिरात आलूचा थर मी लावणार, असा तिचा निरोप आला आहे. फोटोबद्दल तिने काही कळवलेले नाही, म्हणून या लेखासोबत फोटो नाही.