फुलथ्रू : एका दोरीचा आपल्या भागातला इतिहास

शाळेची इमारत, निकाल आणि मुख्याध्यापकांची कारकीर्द यांवर या स्मरणिकेत जाणत्यांनी लिहिले आहे. संपादक मंडळाने माझ्याकडे एन.सी.सी.चा इतिहास मागितला होता. तो लिहायला बसलो आणि पहिल्याच पानावर तीन हात लांबीच्या एका दोरीपाशी अडकलो. तेव्हा हा लेख त्या दोरीचाच आहे. शिबिरे, पदके आणि संचलने यांची यादी दुसऱ्या कोणीतरी करावी.

दोरीचे नाव पुल-थ्रू. आपण सारे तिला फुलथ्रू म्हणायचो, आणि बटालियनचे हवालदारही तसेच म्हणत. एका टोकाला नळीतून सहज खाली उतरेल असे पितळी वजन. दोरीत फासे केलेले : एक तारेच्या जाळीसाठी, एक चिंदीसाठी, आणि शेवटचा रिकामा, म्हणजे दोरी आत अडकलीच तर तो धरून उलट ओढता यावी. काडतूस जिथे बसते त्या मागच्या बाजूने वजन सोडायचे, तोंडातून बाहेर आले की एका दमात सरळ ओढून काढायचे. चिंदीचे मापही ठरलेले. कोरड्या सफाईला ४ बाय २ इंच, तेलाच्या चिंदीला ४ बाय दीड इंच. आपल्या तुकडीतल्या एकाने उत्साहात दुहेरी चिंदी घातली होती आणि दोन जण रायफल धरून, दोन जण दोरी धरून रस्सीखेच झाली होती, ते १९७४ च्या मंडळींना आठवत असेल.

सरांचा सगळा कटाक्ष 'सरळ' या शब्दावर असे. दोरी तिरपी ओढली की ती नळीच्या तोंडाला घासते. तिला चिकटलेली माती रेजमालासारखी काम करते, आणि अशी वर्षे गेली की तोंड झिजून नेम जातो. सुताच्या दोरीने लोखंड झिजते हे आपल्याला पटत नसे. मग सर शाळेमागच्या विहिरीकडे बोट दाखवत. तिच्या काठच्या दगडात दोराने पाडलेल्या खाचा होत्या.

आता थोडे मागे जाऊ. ही दोरी आपल्या भागात फार जुनी असू शकत नाही, आणि त्याचे कारण साधे आहे : दोरी ओढायला नळी दोन्ही बाजूंनी उघडी लागते. आपल्याकडची जुनी बंदूक म्हणजे ठासणीची, गावच्या बोलीत भरमार. तिची नळी मागून बंद. सोरा, गंधक आणि कोळसा यांची काळी दारू तोंडातून भरायची, वर गुदडी ठासायची, मग छर्रे. तिची सफाई गजाला चिंधी गुंडाळूनच करावी लागे, आणि घाण बाहेर येण्याऐवजी तळाशी ढकलली जाण्याचा धोका असे. काळ्या दारूची राख पाण्यात विरघळते. म्हणून आधी कढत पाणी ओतून नळी खळखळून धुवायची, तेव्हा सडक्या अंड्यासारखा वास सुटतो. नंतर कोरडी करून तेल. धानाच्या बांधीवर रात्री माचाणावर बसणाऱ्या शेतकऱ्याकडे हीच बंदूक असे. १९५९ च्या शस्त्र कायद्यातही पीकसंरक्षणासाठी ठासणीच्या बंदुकीचा वेगळा उल्लेख आहे. रानडुकरांनी एका रात्रीत बांधी लोळवलेली ज्याने पाहिली आहे, त्याला हे कलम कोणासाठी घातले ते सांगावे लागत नाही.

मागून उघडणारी बारा बोअरची दुनळी आली ती वाड्यांवर. बारा हा आकडा कुठून आला, असे आपल्यातल्या अनेकांनी मला विचारले आहे. एक पौंड शिशाच्या सारख्या १२ गोळ्या केल्या तर एका गोळीचा जो व्यास होईल तोच या नळीचा, म्हणजे साधारण साडेअठरा मिलिमीटर. रायफलीची ३०३ नळी पावणेआठ मिलिमीटरचीही नाही आणि तिच्या आत पेचदार खाचा असतात. बारा बोअर आतून गुळगुळीत. त्यामुळे तिची चिंदी चांगली जाड लागते. वाड्यांवर त्यासाठी जुन्या धोतराच्या पट्ट्या वापरत.

१८७८ च्या कायद्याने बंदुकीला परवाना सक्तीचा केला, आणि परवाना कोणाला मिळायचा हे गावात सगळ्यांना ठाऊक होते. १९५० च्या कायद्याने मालगुजारी गेली, तलाव सरकारजमा होऊन 'मामा तलाव' झाले, तरी मालगुजार हे संबोधन आणि भिंतीवरची दुनळी राहिली. नवेगाव, नागझिऱ्याच्या रानात शिकार होत असे. तिच्या हकिकती आपण सगळ्यांनी आजोबांकडून ऐकल्या आहेत. त्या हकिकतींत वाघ असतो, मालक असतो, कधी पाहुणा साहेबही असतो. परत आल्यावर नळी कोणी पुसली ते मात्र त्यांत कधीच येत नाही.

पंडित हृदयनाथ कुंझरू यांच्या समितीच्या शिफारशीवरून १९४८ साली राष्ट्रीय छात्रसेनेचा कायदा झाला. १९६२ च्या चीन युद्धानंतर, १९६३ पासून, महाविद्यालयांत ती सक्तीची झाली आणि शाळांतही तिचे वारे पोचले. आमच्या वेळी कोतमध्ये कवायतीच्या ३०३ रायफली होत्या, ज्यांतून गोळी सुटतच नसे. गोळी न सुटणाऱ्या नळ्या आपण दर आठवड्याला का पुसतो, हा प्रश्न आपण कुजबुजत विचारायचो. खरी गोळी मिळे ती शिबिरात, पॉइंट टू-टूची.

सफाईच्या पहिल्या तासाची गोष्ट. 'निरीक्षण के लिए जाँच शस्त्र' झाले, बोल्ट मागे घेऊन नळ्या रिकाम्या असल्याची खात्री झाली, आणि सरांनी फुलथ्रू वाटल्या. माझ्या शेजारच्या मित्राने दोरी हातात घेऊन आधी बोटांतून सबंध फिरवली आणि म्हणाला, "सर, याले गाठ हाय. आत अडकन हे."

"कोणी शिकवलं रे?"

"बाबा वाड्यातली बंदूक साफ करत. मी पानी ऊन करून देत होतो."

"आणि चालवायचं कोण?"

"मालक."

सर काही वेळ बोलले नाहीत. त्याच रांगेत त्या मालकांचा नातू उभा होता, हे त्यांना माहीत होते. मग त्यांनी सगळ्यांना उद्देशून सांगितले की इथे ज्याच्या हाती रायफल त्याच्याच हाती चिंदी, आणि नातवाला गाठ सोडवायला लावली. ती त्याला सुटेना. शेवटी मित्रानेच दाताने सोडवून दिली. दोघेही या मेळाव्याला येणार आहेत, दोघांनाही विचारूनच हे लिहिले आहे. नातवाचे म्हणणे असे की त्याला तेव्हा राग आला होता आणि तो बरेच दिवस टिकला.

एन.सी.सी.ने आपल्याला शिस्त दिली असे भाषणांत म्हणतात. माझ्या मते तिने आपल्या भागात एक जुनी वाटणी मोडली, निदान आठवड्यातून दोन तास. बार उडवणारा एक आणि काजळी पुसणारा दुसरा, ही ती वाटणी.

मित्राच्या बाबांची पद्धत सरांच्या पद्धतीहून एका बाबतीत जुनी होती आणि अचूकही. ते तेलाआधी पाणी वापरत. "पानी खदखदतं पायजे, कोमट चालत नाई," असे ते सांगत. त्यामागे रसायन आहे. जुन्या काडतुसांच्या टोपीतल्या मसाल्यातून बार उडाल्यावर एक प्रकारचे मीठ नळीत उरते. जेवणातल्या मिठासारखेच ते पावसाळी हवेतली ओल ओढते. तेलात ते विरघळत नाही, वरून तेल लावले तरी खाली गंज चालूच राहतो. पाण्याने ते निघते, आणि पाणी उकळते असले की तापलेली नळी आपली आपण कोरडी होते. दस्त्याच्या लाकडाला मात्र ते जवसाचे तेल चोळत. धान कापायच्या आधी बांधीत टाकलेल्या उतेऱ्याचे जवस, घरच्या भाजीला आणि मालकाच्या बंदुकीला एकच घाणा.

१९७२ चा वन्यजीव संरक्षण कायदा आला आणि शिकार संपली. १९७० साली नागझिरा अभयारण्य झाले होते, १९७५ साली नवेगाव राष्ट्रीय उद्यान. दुनळ्या खुंटीवर राहिल्या. पुढे पूर्वेकडच्या गावांत नक्षल्यांची भीती वाढली तेव्हा बंदूक घरात ठेवणे हीच जोखीम वाटू लागली. निवडणुकीत ठाण्यात जमा केलेली बंदूक अनेकांनी परत आणलीच नाही.

वाड्यावरची ती दुनळी नातवाने काही वर्षांपूर्वी आम्हां दोघांना दाखवली. मोडून, रिकामी असल्याचे पाहून, आभाळाकडे धरली. डावी नळी आरशासारखी. उजव्या नळीत काडतुसाच्या जागेपुढे चार बोटांवर गंजाने खाल्लेले बारीक खड्डे, काळ्या कड्यासारखे. शिकारीत पहिला बार बहुधा उजव्या नळीचा, कारण पुढचा चाप तिचाच. मित्राने बराच वेळ आत पाहिले आणि म्हणाला, "हे बाबांच्या नंतरचं आहे." त्याचे बाबा १९७० साली वाड्यावरून सुटले. परवान्याच्या मागच्या पानांवर काडतूस खरेदीच्या नोंदी होत्या आणि शेवटची १९७२ ची होती. म्हणजे ते कडे दोन पावसाळ्यांचे. त्याआधीच्या सगळ्या वर्षांची खूण नळीत कुठेच नाही, कारण ती पुसलेली होती.

माझे एक मागणे आहे. कोणाच्या घरी जुना परवाना असेल तर मेळाव्याला घेऊन या. पुढच्या पानावरचे नाव नको, मागची नोंदींची पाने हवी आहेत. वाड्यावर किंवा पाटलाघरी बंदूक पुसणारे कोणाचे बाबा, आजोबा असतील तर त्यांचे नाव मला सांगा. माझ्या वहीत आत्तापर्यंत चार नावे झाली आहेत.