बँक, बायको आणि बर्लिन

बी.कॉम. होऊन मी बँकेत चिकटलो त्याला वीस वर्षं झाली. एवढ्या काळात आमच्या शाखेत कॅश जुळली, ताळेबंद जुळला. प्रेम मात्र कुणाचं जुळलं नाही. म्हणूनच फिल्म सोसायटीत १९३१ सालचा ‘दी प्रिव्हाटसेक्रेटेरिन’ हा जर्मन बोलपट लागला तेव्हा मी हिला घेऊन मुद्दाम गेलो.

एक मुलगी नशीब काढायला बर्लिनला येते आणि बँकेत टायपिस्ट होते. एका संध्याकाळी उशिरापर्यंत काम करताना तिला एक गृहस्थ भेटतो. तिला वाटतं, असेल आपल्यासारखाच कारकून. निघतो बँकेचा डायरेक्टर! शेवट अर्थातच गोड.

“अहो, आमच्या वेळी उलटंच झालं,” ही कुजबुजली. “मुलगा होतकरू आहे म्हणून सांगितलं होतं.”

मी गप्प बसलो. नोंद बरोबर होती.

दिग्दर्शक विल्हेल्म थीले. त्याच्याच १९३० च्या ‘पेट्रोल पंपावरचे तिघे’ या चित्रपटात तीन मित्रांचं दिवाळं निघतं. सामानावर जप्ती येते आणि हे बेलीफासमोर चक्क गाणं म्हणतात! वसुली खात्यात मी दोन वर्षं काढली, पण असा गोड गळ्याचा कर्जदार एकही भेटला नाही. मग मोटार विकून ते पंप काढतात आणि तिघंही एकाच मुलीच्या, म्हणजे लिलियन हार्वेच्या, प्रेमात पडतात.

हसलो खरा, पण कारकुनाला तारखा ताडून पाहायची खोड. टायपिस्टचा बोलपट लागला जानेवारी १९३१ मध्ये. त्याच वर्षी १३ जुलैला डानाट ही बडी बँक कोसळली आणि सरकारला काही दिवस साऱ्याच बँका बंद ठेवाव्या लागल्या. १९३२ च्या सुरुवातीला जर्मनीत बेकार होते साठ लाख! तिकिटाच्या रांगेत उभी असलेली खरीखुरी टायपिस्ट डायरेक्टरची स्वप्नं पाहत नसावी. एक तारखेला पगार झाला तरी पुरे, असं म्हणत असावी.

पुढे १९३३ साली हिटलर आला. थीले, संगीतकार हायमान, बँकेतला शिपाई झालेला फेलिक्स ब्रेसार्ट, सगळे ज्यू. सगळ्यांना देश सोडावा लागला. १९३७ साली त्या पंपावरच्या तिघांवरही बंदी आली. देशाला हसवणाऱ्यांचीच खाती बंद झाली.

हे सगळं मी हिला घरी परतताना सांगितलं. ही बराच वेळ काही बोलली नाही. मग म्हणाली, “तुमची बँक सोमवारी उघडणार ना?”

“उघडणार की.”

“मग कारकून तर कारकून.”

वीस वर्षांत मला मिळालेलं हे पहिलं प्रमोशन.