परक्या चित्राला तमिळ वाणी



हॉलिवुडचे कौटुंबिक चित्रपट तमिळ बोलू लागले, ही गोष्ट वरवर पाहता करमणुकीची; पण तिच्या मुळाशी भाषेच्या हक्काचा इतिहास आहे, असे आम्हांस वाटते.

पहिला तमिळ बोलपट म्हणून गाजलेला 'कालिदास' १९३१ साली तयार झाला तो आपल्या मुंबईत. त्यात तमिळबरोबर तेलुगू व हिंदी संवादही होते! पुढे १९४४ साली मेय्यप्पा चेट्टियार यांनी कन्नड 'हरिश्चंद्र' तमिळमध्ये बोलका केला. म्हणजे परक्या ओठांवर आपले शब्द बसविण्याची कला तेथे जुनी आहे.

१९३७ साली राजाजींच्या सरकारने शाळांतून हिंदी सक्तीची करण्याचे ठरविले, तेव्हा आंदोलन उठले; १९६५ त ते पुन्हा पेटले. अशा प्रांतात हिंदी रूपांतर नेऊन धंदा कसा व्हावा? तमिळला वेगळा आवाज देणे भागच होते. २०१६ साली 'द जंगल बुक' भारतात अमेरिकेच्या एक आठवडा आधी, ८ एप्रिलला लागला, तो इंग्रजी, हिंदी, तमिळ व तेलुगू अशा चार भाषांत.

याची गोडी कशात? पडद्याखालच्या ओळी लहान मुलाला वाचता येत नाहीत आणि आजीला दिसत नाहीत. आवाज मात्र दोघांच्या कानी एकदमच पडतो, आणि दोघे एकदमच हसतात. शिवाय प्राण्यांच्या ओठांशी तमिळ शब्द जुळला नाही, तरी माणसाच्या ओठांइतका तो खटकत नाही. त्यात आवाज ओळखीचा! २०१९ च्या 'द लायन किंग' मध्ये सिंबाला सिद्धार्थ व दुष्ट काकाला अरविंद स्वामी यांनी वाणी दिली. टिमॉन व पुम्बा यांच्या तोंडी सिंगम्पुली व रोबो शंकर हे विनोदी नट बोलले. बापाचे राज्य, भाऊबंदकी, वनवास, परत येणे हे कथानक आपल्या पुराणांवर वाढलेल्या प्रेक्षकाला परके वाटेलच कसे?

मोठ्या नटांची नावे जाहिरातीत झळकतात. पण लहानसहान पात्रांना आवाज देणारे कितीतरी कामगार काचेच्या खोलीत उभे राहून शब्द मोजतात, ते निनावीच राहतात. कामगार चळवळीत उमर घालविलेल्या आम्हांला त्यांचे स्मरण केल्यावाचून राहवत नाही.

शेवटी एकच विचारतो. त्या चार भाषांत मराठी नव्हती. आपल्याला हिंदी कळते, म्हणून आपल्या मुलांनी सिंहाची गोष्ट हिंदीतच ऐकावी काय? तमिळ माणसाने भाषेचा आग्रह धरला. बाजाराला तो मानावा लागला. आग्रहावाचून बाजार कोणालाच काही देत नसतो.