खांब

आमच्या जुन्या घराला भिंत होती, पण भार तिच्यावर नव्हता. नर्मदेकाठी घर तोललेलं असायचं सागाच्या खांबांवर. भिंत म्हणजे बांबूचा कूड आणि वरून शेणमाती. 1993च्या पावसाळ्यात सरदार सरोवराचं पाणी मणिबेलीत शिरलं. तेव्हा आम्ही धुळे जिल्ह्यातले. नंदुरबार वेगळा झाला 1 जुलै 1998ला. पुढे आमच्या गावाचीही पाळी आली. आजानं घर मोडलं नाही, उकललं. लाकूड तळोद्याकडच्या वसाहतीत आणलं.

आजा गेल्यावर बानं एका खांबाची फळी काढली. चार फूट लांब, दहा इंच रुंद, तीन इंच जाड. म्हणजे पंधरा किलोचं ओझं! विटांच्या भिंतीवर ती आडवी ठोकली, दोन खिळ्यांवर, तेही नुसत्या प्लास्टरात. महिनाभरानं रात्री धाडकन खाली. खालच्या खाटेवरून धाकटी नुकतीच पाण्याला उठली होती.

आजी एवढंच बोलली, "खांब टांगतात का रे? त्याला खालून आधार लागतो."

मग मिस्त्री आणला. प्लास्टर ओलांडून विटेत तीन इंच भोकं, बोल्टानं आवळलेला लोखंडी अँगल, त्यावर फळी उभी. वजन अँगलवर, वरचे दोन स्क्रू फक्त ती पुढे झुकू नये म्हणून. त्यांची भोकं आडवी लांबट ठेवली, कारण साग पावसाळ्यात फुगतो, उन्हाळ्यात आकसतो.

बा त्या अँगलला लोंबकळूनही पाहिला. आजी मात्र अजून तिथं खाट टाकू देत नाही.